गॉथ ते व्हायकिंग : युरोपातल्या जुन्या टोळ्यांचा आणि राजांचा कालपट भिंतीवर कसा मांडावा

कोल्हापुरात युरोपचा जुना इतिहास मांडायचा तर सुरुवात गावातूनच करता येते. पंचगंगेकाठी ब्रह्मपुरीच्या टेकाडात सापडलेली पोसायडन या ग्रीक समुद्रदेवाची छोटी ब्राँझ मूर्ती टाउन हॉलच्या वस्तुसंग्रहालयात आहे. १९४५-४६ मध्ये ह. धी. सांकलिया आणि मो. गं. दीक्षित यांनी याच टेकाडात उत्खनन केलं, तेव्हा सातवाहन काळातली नांदती वस्ती उजेडात आली. म्हणजे इसवी सनाच्या सुरुवातीच्या शतकांत भूमध्य समुद्राकडचा माल करवीरपर्यंत पोचत होता. हा माल पाठवणाऱ्या रोमच्या उत्तर सीमेवर तेव्हा कोण राहत होतं, पुढे त्यांनी काय केलं आणि त्यांचे राजे कोण, हे भिंतीवर कसं मांडायचं, ते इथं दिलं आहे. शाळा, प्रभागातलं वाचनालय, तालीम मंडळाचं सभागृह, कुठंही हा पट बसतो.

आधी एक निर्णय पक्का करा, कारण पुढची सगळी आखणी त्यावर उभी आहे. गॉथ, फ्रँक, व्हँडल ही वंशांची नावं समजून पट आखायचा नाही. ही नावं बहुतेक वेळा एखाद्या सेनापतीभोवती किंवा राजाभोवती जमलेल्या लोकांची आहेत. राजा जिंकत राहिला की लोक वाढतात, नाव मोठं होतं. तो हरला की तेच लोक दुसऱ्या नावाखाली दिसू लागतात. हुणांचा राजा अटिला ४५३ मध्ये मेला आणि पुढच्याच वर्षी, ४५४ मध्ये, नेडाओच्या लढाईत त्याच्याच मांडलिकांनी हुणांचं साम्राज्य मोडलं. एवढी माणसं एका वर्षात मेली नाहीत, त्यांनी धनी बदलला. म्हणून प्रत्येक पट्टा ‘हे लोक मूळ कुठले’ इथून सुरू न करता, ते नाव कागदावर, नाण्यावर किंवा थडग्यात पहिल्यांदा ठळक दिसतं तिथून सुरू करायचा आणि राज्य मोडलं तिथं थांबवायचा.

माप आणि सामान

मुख्य पट इ.स.पू. ४०० ते इ.स. १००० असा १४०० वर्षांचा ठेवा. शतकाला २५ सेंमी, म्हणजे वर्षाला अडीच मिलिमीटर. एकूण लांबी ३.५ मीटर. याहून मोठं माप घेतलं तर एवढी मोकळी भिंत मिळत नाही आणि लहान घेतलं तर पाचव्या शतकात नावांची चेंगराचेंगरी होते. ती या मापातही होतेच, म्हणून ३६० ते ५७० या २१० वर्षांसाठी वेगळा जोडपट करायचा, वर्षाला १ सेंमी, एकूण २.१ मीटर. खरा मजकूर या जोडपटावरच आहे.

सामान असं लागतं : २२ × २८ इंची (५६ × ७१ सेंमी) जाड कार्डशीट १२. त्यांतली ७ मुख्य पटाला, ३ जोडपटाला, १ नकाशाला आणि १ चुकीसाठी राखीव. पाठीला ५ मिमी जाडीचे ८ × ४ फुटी सनबोर्ड २. एक मीटरची स्टीलची पट्टी, कटर, दुहेरी चिकटपट्टी, एचबी पेन्सिल, पाच रंगांचे पोस्टर कलर किंवा रंगीत क्राफ्ट पेपर, काळा जाड मार्कर आणि सुतळी.

दोन्ही सनबोर्ड लांबीच्या दिशेनं मधोमध कापा, २ फूट रुंदीचे चार तुकडे मिळतात. पहिला २ मीटरचा, दुसरा दीड मीटरचा. हे दोन मिळून मुख्य पट. तिसरा २.१ मीटरचा जोडपटाला, चौथा नकाशाला. मुख्य पटाची कार्डशीट उभी धरून प्रत्येकीची रुंदी ५० सेंमी आणि उंची ६० सेंमी करा, म्हणजे एका शीटवर बरोबर दोन शतकं बसतात. रुंदीत उरणाऱ्या ६ सेंमीपैकी २ सेंमी शेजारच्या शीटखाली सरकवण्यासाठी ठेवा. पहिल्या बोर्डावर चार शीट, म्हणजे इ.स. ४०० पर्यंत. दुसऱ्यावर तीन. जोडपटाची तीन शीट मात्र आडवी, प्रत्येकी ७० सेंमी. त्यांचे सांधे ४३० आणि ५०० या वर्षांवर येतात. राजा गायसेरिकनं व्हँडलांना आफ्रिकेत नेलं ते ४२९ मध्ये, सांध्याला अगदी खेटून, तेव्हा त्याची चिठ्ठी सांध्याच्या डावीकडे लावा. ५६८ च्या चिठ्ठीचंही (लाँगोबार्ड इटलीत) तसंच, नाहीतर ती बोर्डाबाहेर लोंबते.

दोन मीटरचा बोर्ड रिक्षात बसत नाही. छोटा हत्ती सांगा किंवा दोघांनी धरून चालत न्या. डोक्यावरून नेताना वाऱ्यानं तो मधोमध मोडतो, म्हणून मागे लाकडी पट्टी आधीच ठोकून घ्या.

शून्य वर्ष नाही

पहिली चूक इथंच होते. इ.स.पू. १ नंतर थेट इ.स. १ येतं. पट्टीवर ० लिहिलं की डावीकडची सगळी वर्षं एकानं सरकतात. या आखणीत तिसऱ्या शीटची डावी कड म्हणजे नेमका तो सांधा. सांध्याच्या एका बाजूला ‘इ.स.पू. १’ आणि दुसऱ्या बाजूला ‘इ.स. १’ लिहा, मध्ये काही नको. ब्रेनसच्या केल्टांनी रोम लुटलं ते रोमन परंपरेप्रमाणे इ.स.पू. ३९० मध्ये. व्हिसिगॉथांचा राजा अलारिकनं लुटलं ते इ.स. ४१० मध्ये. मधलं अंतर ७९९ वर्षं, ८०० नव्हे. बघणारा एखादा गणिताचा शिक्षक हे हमखास मोजतो. शिवाय ३९० ही तारीखही रोमन गणनेची आहे. ग्रीक गणनेप्रमाणे ती ३८७ येते. चिठ्ठीवर ‘३९० / ३८७’ असं दोन्ही लिहून मोकळे व्हा.

पट्टे

६० सेंमी उंची वरून खाली अशी वाटा : शीर्षक ६, वर्षांची पट्टी ३, रोम ६, केल्ट ५, जर्मानिक टोळ्या २२, गवताळ मैदानांतले घोडेस्वार (हूण, अवार, बल्गार, मग्यार) ५, स्लाव्ह ४, दख्खन ६, तळाला मोकळी जागा ३. जर्मानिक २२ मध्ये फ्रँक ६, दोन्ही गॉथ (व्हिसिगॉथ आणि ऑस्ट्रोगॉथ) ३-३, व्हँडल-बर्गंडियन-सुएबी मिळून ३, लाँगोबार्ड २, अँग्लो-सॅक्सन ३, नॉर्स (व्हायकिंग) २. बेरीज जुळते ना ते पेन्सिलनं खुणा करतानाच तपासा. शेवटच्या शीटवर अर्धा सेंमी कमी पडला की आधीची सगळी शीट उचलावी लागतात.

रंग पाचच. रोमला राखाडी, केल्टांना हिरवा, सगळ्या जर्मानिक टोळ्यांना विटकरीच्या छटा, घोडेस्वारांना पिवळा, स्लाव्हांना निळा. प्रत्येक टोळीला वेगळा रंग दिला तर पट लग्नाच्या मांडवासारखा दिसतो आणि लक्षात काहीच राहत नाही. रंग भाषेच्या गटाप्रमाणे आहेत, रक्ताच्या नात्याप्रमाणे नव्हेत, अशी एक ओळ वर्षांच्या पट्टीखाली लिहून टाका. अटिलाच्या दरबारात गॉथिक बोलली जायची आणि त्याचं सैन्य निम्म्याहून अधिक गॉथ, गेपिड वगैरे जर्मानिक लोकांचं असावं. तरी तो पिवळ्या पट्ट्यातच बसतो.

रेषा दोन प्रकारची ठेवा. ठळक अखंड रेषा म्हणजे समकालीन पुरावा आहे : नाणं, शिलालेख, थडगं, त्याच काळातलं लेखन. तुटक रेषा म्हणजे फार नंतर कुणीतरी लिहून ठेवलेलं किंवा खात्री नसलेलं. ही एक खूण बाकी सगळ्या सजावटीपेक्षा मोलाची आहे. फ्रँकांचा चिल्डेरिक पहिला (मृत्यू ४८१) अखंड रेषेत येतो, कारण १६५३ मध्ये आजच्या बेल्जियममधल्या तूर्ने इथं त्याचं थडगं सापडलं. त्यात ‘चिल्डेरिकी रेगिस’, म्हणजे ‘चिल्डेरिक राजाची’, असं कोरलेली अंगठी होती आणि सुमारे ३०० सोन्याच्या माश्या होत्या. १८३१ मध्ये पॅरिसमधून हा ऐवज चोरीला गेला, बहुतेक वितळवला गेला, आणि माश्यांपैकी दोनच उरल्या. याउलट इंग्लंडात ४४९ मध्ये उतरलेले म्हणून सांगतात ते हेंगिस्ट आणि होर्सा तुटक रेषेत. त्यांची हकिकत सांगणारा बीड नावाचा इंग्रज साधू ७३१ मध्ये लिहीत होता, पावणेतीनशे वर्षांनंतर. गॉथ स्कँडिनेव्हियातून तीन गलबतांतून आले ही गोष्ट जॉर्डानेस या इतिहासकारानं ५५१ मध्ये लिहिली, तीही तुटक. रशियाच्या इतिवृत्तातला ८६२ चा रुरिक तुटक. आर्थर राजाला जागाच देऊ नका. पोरं विचारतात, पण त्याला समकालीन पुरावा एकही नाही.

केल्ट आणि रोमची सीमा : थोडक्यात

पहिल्या तीन शीटवर गर्दी नको. इ.स.पू. ३९० रोमची लूट, २७९ डेल्फीवर स्वारी, ५२ मध्ये गॉलचा (आजच्या फ्रान्सचा) सरदार व्हर्सिंजेटोरिक्स अलेसियाला सीझरला शरण, इ.स. ९ मध्ये आर्मिनियसनं ट्यूटोबर्गच्या जंगलात तीन रोमन लीजन (सैन्याच्या मोठ्या तुकड्या) बुडवली, ६०-६१ मध्ये ब्रिटनमध्ये आइसेनी टोळीची राणी बोडिका उठली आणि तिनं लंडन जाळलं. केल्ट पट्टा ६१ ला तोडू नका. वेल्स, स्कॉटलंड, आयर्लंड इथं तो चालूच आहे. त्याची जाडी ५ वरून दीड सेंमीवर आणा आणि उजव्या कडेपर्यंत न्या. केल्टांना रोमननी संपवलं असं वाटायला लावणारे पट बाजारात पुष्कळ मिळतात.

आर्मिनियसला ‘जर्मनीचा पहिला राजा’ लिहिण्याचा मोह टाळा. तो चेरुस्की टोळीचा सरदार होता, रोमन सैन्यात नोकरी करून आलेला, आणि पुढे त्याला त्याच्याच नातलगांनी मारलं. राजा व्हायला निघाला म्हणून मारलं, असं रोमन इतिहासकार टॅसिटस सांगतो.

जोडपट : ३६० ते ५७०

इथं वेळ द्या. १ सेंमीला १ वर्ष असल्यानं घटनांची साखळी डोळ्यांना दिसते. क्रम असा लावा.

३७६ : हुणांच्या रेट्यानं गॉथ डॅन्यूब नदी ओलांडून रोमच्या परवानगीनं आत येतात. रोमन अधिकारी त्यांची उपासमार करतात, धान्याच्या बदल्यात त्यांची पोरं गुलाम म्हणून घेतात. बंड होतं. ३७८, ९ ऑगस्ट : एड्रियानोपलला सम्राट व्हॅलेन्स रणात पडतो. दोन चिठ्ठ्यांमध्ये दोनच सेंमी अंतर राहतं, तेव्हा दुसरी खाली लावा आणि रेघ ओढून वर्षाला जोडा. जिथं जिथं ४ सेंमीत दोनांहून जास्त घटना येतात तिथं चिठ्ठ्या वर-खाली कराव्या लागतात. सगळ्यात अडचणीची जागा ४५१ ते ४५५ : रोम आणि व्हिसिगॉथ मिळून अटिलाशी लढले ती कॅटालॉनियन मैदानाची लढाई (४५१), अटिलाची इटलीवर स्वारी (४५२), त्याचा मृत्यू (४५३), नेडाओ (४५४), गायसेरिकची रोमलूट (४५५). पाच सेंमीत पाच चिठ्ठ्या. त्या पायऱ्यांसारख्या उतरत्या लावा.

४०६ मध्ये दोन गोष्टी आहेत आणि त्यांची गल्लत होते. वर्षाच्या मध्याला राडागायससची टोळीफौज इटलीत फिएसोलेजवळ रोमन सेनापती स्टिलिकोकडून हरली. फिएसोले म्हणजे फ्लॉरेन्सच्या डोक्यावरची टेकडी. तेच फ्लॉरेन्स, जिथं १८७० मध्ये करवीरचे छत्रपती राजाराम महाराज वारले आणि जिथं आर्नो नदीच्या काठी त्यांची छत्री आहे. नकाशावर तिथं वेगळा ठिपका द्या. कोल्हापूरचा माणूस तिथं थांबतोच. दुसरी घटना ३१ डिसेंबर ४०६ ची : व्हँडल, अलान आणि सुएबी ऱ्हाईन ओलांडतात. वर्षाच्या शेवटच्या दिवशी घडल्यानं हिची रेघ ४०६ च्या रकान्यात न ओढता ४०६ आणि ४०७ च्या मधोमध ओढा.

४०८ च्या चिठ्ठीवर मिरी चिकटवा, खरी. अलारिकनं रोमला वेढा घातला तेव्हा तो उठवण्यासाठी त्यानं घेतलेल्या खंडणीत ५,००० पौंड सोनं, ३०,००० पौंड चांदी, ४,००० रेशमी अंगरखे, ३,००० लाल रंगवलेली कातडी आणि ३,००० पौंड मिरी होती. रोमन पौंड सुमारे ३२७ ग्रॅमचा, म्हणजे मिरी झाली ९८० किलोच्या आसपास. ही मिरी आपल्या पश्चिम किनाऱ्याची, मलबारकडची. दहा-बारा दाणे फेव्हिकॉलनं लावा आणि वर पारदर्शक चिकटपट्टी मारा, नाहीतर पहिल्याच दिवशी गायब होतात. दोन वर्षांनी, २४ ऑगस्ट ४१० ला, त्यानं रोम लुटलंच, तीन दिवस.

पुढे थिओडोरिक नावाची अडचण येते. व्हिसिगॉथांचा थिओडोरिक पहिला (४१८–४५१) कॅटालॉनियन मैदानावर पडला. त्याचा मुलगा थिओडोरिक दुसरा (४५३–४६६). आणि ऑस्ट्रोगॉथांचा थिओडोरिक, ज्याला ‘महान’ म्हणतात, तो तिसराच. ४८९ मध्ये इटलीत उतरला, ४९३ मध्ये रावेन्नात मेजवानीला बोलावून इटलीचा तेव्हाचा राजा ओडोआकर याला स्वतःच्या हातानं कापला आणि ५२६ पर्यंत राज्य केलं. त्याची समाधी रावेन्नात आजही उभी आहे, वर सुमारे १० मीटर व्यासाचं एकाच दगडाचं छत. पटावर नुसतं ‘थिओडोरिक’ कुठंही लिहू नका. टोळीचं नाव आणि क्रमांक जोडाच. अलारिकही दोन आहेत. दुसरा ५०७ मध्ये वूयेच्या लढाईत फ्रँकांचा राजा क्लोव्हिस याच्याकडून मारला गेला.

४७६ ला जाड काळी रेघ मारायची नाही. त्या वर्षी ओडोआकरनं रोम्युलस ऑगस्टुलस या पोरसवदा सम्राटाला उतरवलं, पेन्शन देऊन घरी बसवलं. इटलीच्या बाहेर अनेकांच्या लेखी युलियस नेपोस हाच खरा सम्राट होता आणि तो ४८० पर्यंत जिवंत होता. पूर्वेचं रोम तर १४५३ पर्यंत टिकलं. म्हणून राखाडी पट्ट्याचा वरचा अर्धा भाग (पश्चिम) ३९५ पासून हळूहळू फिकट करत ४८० ला संपवा आणि खालचा अर्धा (पूर्व) पूर्ण रंगात उजव्या कडेपर्यंत नेऊन पुढे बाण काढा. पोस्टर कलरनं ही फिकट होणारी छटा करायला प्रत्येक वेळी थोडं पाणी वाढवत जा. पाणी जास्त झालं की कार्डशीटला फुगवटा येतो, पावसाळ्यात तर नक्कीच.

फ्रँकांचा पट्टा : फाटतो आणि जुळतो

क्लोव्हिस (४८१–५११) मेला तेव्हा राज्य चार मुलांत वाटलं गेलं. हे नुसतं लिहून कळत नाही, काढून दाखवावं लागतं. जोडपटावर फ्रँक पट्टा ८ सेंमी जाड ठेवा. ५११ ला त्याचे २-२ सेंमीचे चार फाटे करा : थ्यूडेरिक (रीम्स), क्लोडोमर (ऑर्लियाँ), चिल्डेबर्ट (पॅरिस), क्लोथार (स्वासाँ). ५२४ मध्ये क्लोडोमर लढाईत पडला, पुढे त्याच्या दोन लहानग्यांना सख्ख्या चुलत्यांनी मारलं. चार फाट्यांचे तीन झाले. ५५५ मध्ये थ्यूडेरिकची शाखा संपली, दोन राहिले. ५५८ मध्ये चिल्डेबर्ट निपुत्रिक वारला आणि क्लोथार एकटा उरला. ५६१ मध्ये क्लोथार मेला, पुन्हा चार मुलगे, पुन्हा चार फाटे. ५११ नंतर अख्खा ८ सेंमीचा पट्टा म्हणजे फक्त ३ सेंमी लांब, ५५८ ते ५६१. बघणाऱ्याला हे शब्दांशिवाय कळतं. मुख्य पटावर हीच कथा ६१३ पर्यंत न्यायची. तेव्हा क्लोथार दुसऱ्यानं सगळं एकत्र केलं.

क्लोव्हिसच्या बाप्तिस्म्याची तारीख एकच लिहू नका. ४९६ ही परंपरेनं सांगितलेली, ५०८ च्या बाजूनंही सबळ युक्तिवाद आहेत. ४९६ ते ५०८ असा कंस काढा.

मेरोव्हिंगियन, म्हणजे क्लोव्हिसच्या घराण्यातले, राजे नंतर नामधारी झाले आणि कारभार राजवाड्याच्या कारभाऱ्यांकडे गेला. आपल्याकडच्या माणसाला हे पटकन कळतं : साताऱ्याची गादी आणि पुण्याचे पेशवे. इथं बोलताना ‘साताऱ्याची’ हा शब्द गाळू नका. करवीरची गादी १७३१ च्या वारणेच्या तहानंतर वेगळी होती आणि कोल्हापुरात यावरून लगेच दुरुस्ती केली जाते. आणि फरकही सांगा. पेशव्यांनी छत्रपतींकडून वस्त्रं घेणं शेवटपर्यंत सोडलं नाही. फ्रँकांचा कारभारी पिपिन यानं मात्र ७५१ मध्ये चिल्डेरिक तिसऱ्याचे लांब केस, जे त्या घराण्याचं राजचिन्ह होतं, ते कापून त्याला मठात धाडलं आणि स्वतः राजा झाला. त्याचा मुलगा शार्लमेन (७६८–८१४). त्यानं ७७४ मध्ये लाँगोबार्डांचं राज्य घेतलं, ८०० च्या नाताळात रोमला सम्राट झाला. ८४३ मध्ये व्हर्दूनच्या तहानं त्याच्या नातवांत तीन वाटे. पट्टा पुन्हा फाटतो.

उरलेले

लाँगोबार्ड : ५६८ मध्ये राजा आल्बोइनसह इटलीत, ७७४ ला संपले. अँग्लो-सॅक्सन पट्ट्यात सात राज्यांचे सात फाटे करायच्या फंदात पडू नका. पूर्व अँग्लियाचा रेडवल्ड, मर्शियाचा ऑफा (७५७–७९६), वेसेक्सचा आल्फ्रेड (८७१–८९९) एवढे पुरेत. इंग्लंडात सटन हूला १९३९ मध्ये सापडलेलं २७ मीटर लांबीच्या नावेतलं दफन रेडवल्डचं असावं, पण नाव कोरलेलं काही मिळालेलं नाही, म्हणून रेघ तुटक. नॉर्स पट्टा ७९३ च्या लिंडिसफार्नच्या लुटीपासून, ९११ ला व्हायकिंग सरदार रोलो नॉर्मंडीत, ९६५ च्या सुमारास डेन्मार्कचा राजा हारल्ड ब्लूटूथचा येलिंगचा शिलालेख. शिंगांची शिरस्त्राणं कुठंही नकोत. व्हायकिंग काळातलं शिंगं असलेलं एकही शिरस्त्राण सापडलेलं नाही. ती चित्रं एकोणिसाव्या शतकातल्या नाटक-संगीतिकांच्या वेशभूषेतून आली. चित्र हवंच तर नॉर्वेत १९४३ मध्ये सापडलेल्या येर्मुंडबूच्या शिरस्त्राणाचं काढा : गोल टोप आणि डोळ्यांभोवती चष्म्यासारखी पट्टी.

स्लाव्ह पट्ट्यात सामो (६२३–६५८) गाळू नका. तो फ्रँक व्यापारी होता, माल विकायला गेला आणि अवारांविरुद्ध लढणाऱ्या स्लाव्हांनी त्यालाच राजा केलं, असं एकच इतिवृत्त सांगतं. तुटक रेषा, पण पहिल्या निर्णयाला याच्याइतका चांगला दाखला दुसरा नाही. मग पिवळ्या पट्ट्यात ६८१ अस्पारुखचे बल्गार आणि ९५५ लेकफेल्डला मग्यारांचा पराभव, पुन्हा स्लाव्ह पट्ट्यात ९६६ पोलंडचा मिएश्को, ९८८ कीव्हचा व्लादिमिर ख्रिस्ती झाला.

दख्खनचा तळपट्टा

हा नसेल तर पट परका वाटतो आणि लोक दोन मिनिटांत निघून जातात. सातवाहन, त्यांच्या रकान्यात ब्रह्मपुरीचा पोसायडन. वाकाटक हरिषेण (सुमारे ४६०–४७८), म्हणजे रोममध्ये ऑगस्टुलस उतरत होता तेव्हा अजिंठ्यात लेणी खोदली जात होती. बदामीचा पुलकेशी दुसरा (सुमारे ६१०–६४२), वर बघितलं तर फ्रँकांचा राजा डागोबेर. राष्ट्रकूट दंतिदुर्गानं चालुक्यांना बाजूला सारलं ते ७५३ च्या सुमारास, पिपिनच्या दोनच वर्षांनी. गोविंद तिसरा आणि शार्लमेन दोघांचंही राज्य ८१४ मध्ये संपलं. शेवटच्या शीटवर, ९४० च्या आसपास, कोल्हापूरचे शिलाहार सुरू होतात.

हुणांबद्दल प्रश्न येणारच : स्कंदगुप्तानं हरवलेले हूण आणि अटिलाचे हूण एकच का? काळ जवळचा आहे, नावही सारखं, पण अभ्यासकांत एकमत नाही. दोन्हींमध्ये तुटक रेघ ओढा आणि तेवढंच सांगा.

नकाशा

जाड वक्र बाण काढू नका. एका टोकाला स्वीडन आणि दुसऱ्या टोकाला ट्युनिशिया असा व्हँडलांचा बाण काढला की एकच जमाव शिस्तीत चालत गेला असं वाटतं. त्याऐवजी मुक्काम दाखवा : ऱ्हाईन ४०६, स्पेन ४०९, आफ्रिकेचा किनारा ४२९, कार्थेज ४३९, शेवट ५३३-३४. ठिपके टाचणीनं आणि मधे सुतळी. स्पेनमध्ये वीस वर्षं थांबले, हे सुतळीच्या टाचणीवर छोट्या चिठ्ठीनं लिहा. आफ्रिकेत उतरलेल्यांचा आकडा ८०,००० असा एक जुना लेखक देतो, त्यात म्हातारे, पोरं आणि गुलामही धरले आहेत. ‘८०,००० योद्धे’ असं छापलेलं दिसलं तर ते खोडा.

छपाई आणि लावणी

सगळं फ्लेक्सवर छापून आणणं सोपं, पण वाढदिवसाला चालतं ते इथं चालत नाही : एक तारीख चुकली की अख्खा फ्लेक्स वाया. पट्टे हातानं रंगवा आणि फक्त चिठ्ठ्या छापा, १०० जीएसएम कागदावर, लेझर प्रिंटरनं. इंकजेटची शाई दमट हवेत आणि फेव्हिकॉलला लागून पसरते. नावं किमान २८ पॉइंटात, म्हणजे दीड मीटरवरून वाचता येतात. मजकूर डीटीपीवाल्याला युनिकोडमध्ये दिला आणि त्यानं जुन्या फाँटात फिरवला तर ‘ॲ’, ‘ऑ’, ‘व्ह’ आणि ‘ऱ्ह’ तुटतात. ऑस्ट्रोगॉथ, ऱ्हाईन, व्हर्सिंजेटोरिक्स ही तीन नावं आधी नमुना म्हणून छापून पाहा, मग बाकीचं द्या. एका नावाचं एकच रूप ठरवून यादी भिंतीजवळ ठेवा. क्लोव्हिस आणि क्लोविस हे दोन राजे नव्हेत, पण बघणाऱ्याला तसं वाटतं.

चुना किंवा डिस्टेंपर मारलेल्या भिंतीला दुहेरी चिकटपट्टी धरत नाही, भुकटीसकट सुटते. जुलै-ऑगस्टात तर रात्रीतून बोर्ड खाली येतो. बोर्डाला वर दोन भोकं पाडून सुतळीनं खिळ्याला टांगा आणि भिंतीपासून एक सेंमी मोकळं ठेवा, म्हणजे ओल कागदात उतरत नाही. बोर्डाचा मध्य मोठ्यांसाठी जमिनीपासून १४० सेंमीवर, शाळेत १२० वर. मुख्य पट डावीकडे, जोडपट त्याच्या खाली न लावता उजवीकडे. खाली लावला तर वाकून कुणी वाचत नाही. मुख्य पटावर ३६० आणि ५७० या वर्षांना लाल खूण करा आणि तिथून जोडपटाच्या दोन्ही टोकांना सुतळी ओढा, म्हणजे तो कोणत्या तुकड्याचा विस्तार आहे ते कळतं.

चिठ्ठ्या कायमच्या चिकटवू नका, दोन टोकांना चिकटपट्टीचा लहान तुकडा पुरे. बघायला येणाऱ्यांत कुणीतरी तारखेवर हरकत घेतोच. ती तपासून बरोबर निघाली तर चिठ्ठी बदला, पट्टा तसाच राहतो. काढून ठेवताना बोर्ड उभे ठेवा, रंगाची बाजू रंगाच्या बाजूला लागू देऊ नका, मध्ये वर्तमानपत्राऐवजी साधा कोरा कागद घाला. वर्तमानपत्राची शाई पिवळ्या पट्ट्यावर उतरते.